बोर्डात आलेल्यांचा संघ

आमच्या वर्गात एक मुलगा होता. गणितात १०० पैकी १००, संस्कृतात ९८, आणि पीटीच्या तासाला चेंडू अंगावर आला की दोन्ही हातांनी आधी चष्मा झाकायचा. टीम पाडताना तो कायम शेवटी उरायचा. मग दोन्ही कप्तान एकमेकांकडे बघायचे आणि ज्याच्या वाट्याला तो यायचा, तो भरपाई म्हणून पहिली बॅटिंग मागून घ्यायचा. आम्ही काही त्याला वाईट वागवत नव्हतो. सहामाहीच्या आदल्या आठवड्यात त्याच्या शेजारी बसायला मारामाऱ्या व्हायच्या.

आता कल्पना करा, अशी डझनभर मुलं गोळा करायची, त्यांना नंबर घातलेल्या बनियनी द्यायच्या आणि धट्ट्याकट्ट्या पोरांच्या लीगमध्ये २६ वर्षं खेळवायची. काय होईल? हा प्रयोग करायची तुम्हाला गरज नाही. कॅलिफोर्नियातल्या पॅसाडिना गावी तो झालेला आहे, आणि प्रयोगशाळेत होतो तसा पूर्ण नोंदी ठेवून झालेला आहे.

संस्थेचं नाव कॅलिफोर्निया इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी, म्हणजे कॅल्टेक. ज्यांनी ‘द बिग बँग थिअरी’ ही मालिका पाहिली असेल त्यांना वेगळी ओळख नको. त्यातला शेल्डन तिथेच नोकरीला आहे. पदवीचे विद्यार्थी जेमतेम हजार. आपल्याकडच्या एखाद्या ज्युनियर कॉलेजच्या सायन्सच्या तुकड्या मोजल्या तरी आकडा याच्या पुढे जाईल. आणि हे हजारही कसे? बहुतेक जण आपापल्या शाळेत पहिल्या काही नंबरांत आलेले. आपल्या भाषेत सांगायचं तर अख्खं कॉलेजच बोर्डात आलेलं.

या मंडळींचा पुरुषांचा बास्केटबॉल संघ दक्षिण कॅलिफोर्नियातल्या छोट्या कॉलेजांच्या लीगमध्ये खेळतो. जानेवारी १९८५ मध्ये त्यांनी ला व्हर्न युनिव्हर्सिटीला हरवलं. त्यानंतरचा लीगमधला सामना ते हरले. त्याच्या पुढचाही हरले. होतं असं कधीकधी. मग तो हंगाम संपला, पुढचा आला, तो पूर्ण हरले. असं करता करता सलग ३१० सामने झाले.

तीनशे दहा. हा आकडा पचायला वेळ लागतो. हे पराभव सुरू झाले तेव्हा सचिन तेंडुलकर शाळेत होता. तो शाळेतून संघात आला, भारताकडून खेळला, कप्तान झाला, कप्तानपद सोडलं, कसोटी शतकांचंही अर्धशतक झालं, आणि इकडे कॅल्टेकची मुलं अजून त्या एका विजयाच्या शोधातच होती. नाणं उडवून सामन्याचा निकाल लावला असता, तर सलग ३१० वेळा हरायची शक्यता किती? दोनाचा ३१० वा घात करा. दोनावर ९३ शून्यं येतात. त्यात एक. दृश्य विश्वात जेवढे अणू आहेत असं मानतात, त्यापेक्षा हा आकडा मोठा आहे. याचा अर्थ, नुसत्या नशिबावर सोडून कुणाला एवढं हरता येत नाही. त्याला अंगात काहीतरी असावं लागतं.

कारणं शोधायला फार लांब जायला नको. लीग तिसऱ्या श्रेणीची, म्हणजे तिथे खेळासाठी शिष्यवृत्ती देताच येत नाही. मग उरतात ती प्रवेशाच्या चाळणीतून खाली आलेली मुलं. त्यातून उंच शोधा. त्या उंचातून पळता येणारे शोधा. त्या पळणाऱ्यांतून चेंडू हातात असताना पळता येणारे शोधा. शेवटी असा संघ उभा राहायचा की त्यात शाळेत पहिले आलेले जास्त आणि शाळेच्या संघातून खेळलेले कमी. सरावाच्या वेळेला प्रयोगशाळेचा तास आला, तर प्रयोगशाळा जिंकायची. म्हणजे संघ मैदानात जायच्या आधीच एक सामना हरलेला असायचा.

मला मात्र खरं कारण वेगळंच वाटतं. कॅल्टेकमध्ये एक आचारसंहिता आहे आणि ती एका वाक्यात मावते : या संस्थेतल्या कुणीही दुसऱ्या कुणाचा गैरफायदा घ्यायचा नाही. या एका वाक्याच्या भरवशावर तिथे विद्यार्थी पेपर खोलीवर नेऊन सोडवतात. वर पर्यवेक्षक नसतो, शेजारी पुस्तक बंद असतं आणि ते बंदच राहतं. उत्तम. पण बास्केटबॉल म्हणजे तरी काय? समोरच्याचा तोल गेला, घुसा. त्याची नजर वळली, चेंडू पळवा. तो बुटका आहे, त्याच्या डोक्यावरून टाका. चाळीस मिनिटं अखंड दुसऱ्याचा गैरफायदा घेण्याचा हा खेळ. ज्यांनी बंद पुस्तकाचाही गैरफायदा घेतला नाही, ते समोरच्या पोराच्या ढिल्या पडलेल्या बचावाचा काय घेणार?

या २६ वर्षांत संस्था झोपली होती असं नाही. याच काळात कॅल्टेकच्या प्राध्यापकांना पाच नोबेल मिळाले : १९९२ मध्ये रुडॉल्फ मार्कस, १९९५ मध्ये एडवर्ड लुइस, १९९९ मध्ये अहमद झेवैल, २००४ मध्ये डेव्हिड पॉलिट्झर, २००५ मध्ये रॉबर्ट ग्रब्ज. नोबेल पाच, लीगमधले विजय शून्य. स्टॉकहोमहून फोन यायची शक्यता सामना जिंकायच्या शक्यतेपेक्षा जास्त होती. जगात दुसऱ्या कुठल्या कॉलेजात खेळाडूंना असं वाटलं असेल, की बाबांनो, बास्केटपेक्षा नोबेल सोपं?

कॅल्टेकच्या या कहाणीत आपल्याकडचाही एक माणूस आहे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या कुरुंदवाडात जन्मलेले खगोलशास्त्रज्ञ श्रीनिवास कुलकर्णी १९८७ पासून कॅल्टेकमध्ये प्राध्यापक. १९९४ मध्ये त्यांच्या चमूने पालोमारच्या दुर्बिणीतून ग्लीझ २२९ या ताऱ्याशेजारी एक अंधूक ठिपका पकडला. तो निघाला ब्राउन ड्वार्फ, म्हणजे तपकिरी बटू. ही वस्तू काय असते? तारा व्हायला निघालेली, पण वजन कमी पडल्यामुळे पेटायची राहून गेलेली. आयुष्यभर मंद ऊब देत बसते. हे वाचलं तेव्हा मला राहवलं नाही. एवढ्या लांब, सुमारे १९ प्रकाशवर्षांवर, दुर्बीण कशाला लावायची? जिममध्ये संध्याकाळी साडेपाचला सरावाला गेलं असतं तर असे बाराजण एका रांगेत दिसले असते.

आता कुणाला वाटेल, की ही मुलं गरीब बिचारी, मैदानावरच्या लोकांना घाबरणारी. छे! मैदानावर न उतरता मैदान मारायचं म्हटलं, तर यांच्यासारखे तेच. पॅसाडिनाच्या रोझ बोल स्टेडियमवर नववर्षाला अमेरिकन फुटबॉलचा मोठा सामना होतो. १९६१ मध्ये तिथे वॉशिंग्टन विद्यापीठाचे प्रेक्षक रंगीत पुठ्ठे उलटून अक्षरं दाखवणार होते. कॅल्टेकच्या पोरांनी त्यांच्या सूचनांचे कागद आधीच गुपचूप बदलून ठेवले. ऐन सामन्यात हजारो लोकांनी मन लावून, शिस्तीत, देशभर टीव्हीवर नाव उमटवलं : कॅल्टेक. आणि १९८४ मध्ये तर त्याच स्टेडियमचा इलेक्ट्रॉनिक गुणफलक यांनी बाहेरून ताब्यात घेतला. खाली यूसीएलए आणि इलिनॉय जीव तोडून धडकत होते, वर फलक सांगत होता : कॅल्टेक ३८, एमआयटी ९. बोर्डात यायची सवय लागली की माणूस कुठल्याही बोर्डावर येतो. पुढच्याच वर्षी त्या ३१० पराभवांना सुरुवात झाली. मी अंधश्रद्धाळू नाही, पण गुणफलकाच्याही मनाला काही लागत असेल की नाही?

बास्केटबॉल हा खेळ मुळात हुशार माणसाच्याच डोक्यातून निघालेला आहे. १८९१ चा डिसेंबर, मॅसॅच्युसेट्समधलं स्प्रिंगफील्ड. बाहेर बर्फ, आत कंटाळून दंगा करणारे विद्यार्थी आणि त्यांना आवरायची जबाबदारी जेम्स नेस्मिथ नावाच्या शिक्षकावर. त्याने शिपायाकडे दोन खोकी मागितली. शिपायाला खोकी मिळाली नाहीत, त्याने पीच फळांच्या टोपल्या आणून दिल्या. नेस्मिथने त्या सज्जाच्या कठड्याला ठोकल्या. कठडा दहा फुटांवर होता म्हणून आजही जगभर रिंग दहा फुटांवर आहे. टोपलीला बूड होतं, त्यामुळे चेंडू आत गेला की वर चढून काढावा लागे. सुदैवाने तो फारसा जात नसे; पहिला सामना १-० असा संपला. हाच नेस्मिथ पुढे कॅन्सस विद्यापीठाचा पहिला प्रशिक्षक झाला. त्याच्या नावावर ५५ विजय आणि ६० पराभव आहेत. कॅन्ससला नंतर जे प्रशिक्षक लाभले, त्यांतल्या एकाच्याही पराभवांची बेरीज विजयांवर गेली नाही. खेळ ज्याने शोधला, तो एकटा त्यात तोट्यात. कॅल्टेकच्या मुलांनी त्याची तसबीर जिममध्ये लावायला हरकत नव्हती.

कॅल्टेककडून हरणं हेही सोपं काम नव्हतं. पण ते एका थोर माणसाने केलेलं आहे. या ३१० च्या आधी कॅल्टेकची अशीच एक मालिका होती, लीगमध्ये सलग ९९ पराभवांची. शंभरी भरायला एक कमी. तेवढ्यात १९८० मध्ये शेजारच्या पोमोना-पिट्झर कॉलेजचा संघ यांच्याकडून हरला. त्या संघाचा नवखा प्रशिक्षक होता ग्रेग पोपोविच. त्या पहिल्या हंगामात त्याने २४ सामन्यांपैकी २ जिंकले. हाच माणूस पुढे सॅन अँटोनियो स्पर्सचा प्रशिक्षक झाला, पाच वेळा एनबीए, म्हणजे तिथली सगळ्यात मोठी व्यावसायिक लीग, जिंकला आणि त्या लीगच्या इतिहासात सर्वाधिक विजय मिळवणारा प्रशिक्षक ठरला. आपल्याकडच्या पालकांनी हे वाक्य कापून फ्रिजवर लावावं. मुलगा चाचणीत नापास झाला की ओरडायच्या आधी एकदा वाचावं.

दुसरा नमुना डीन ऑलिव्हर. हा कॅल्टेकमध्येच शिकला, १९८० च्या दशकाच्या शेवटी, म्हणजे पराभवांच्या ऐन बहरात. त्याने डोकं लावून या खेळाचा हिशेबच मांडला : किती टक्के नेम लागला, चेंडू किती वेळा हातचा घालवला, रिंगवरून उडालेला किती वेळा परत पकडला, फ्री थ्रो किती मिळाले. २००४ मध्ये त्याचं पुस्तक आलं आणि पुढे मोठमोठे व्यावसायिक संघ अशा हिशेबावर चालायला लागले. पुस्तकाचं नाव ‘बास्केटबॉल ऑन पेपर’. कॅल्टेकच्या माणसाने दुसरं काय नाव दिलं असतं? कागदावर ते कधीच हरले नाहीत.

इथे एक कबुली देतो. मी स्वतः इंजिनियरिंग कॉलेजच्या संघात बारावा होतो. बारावा म्हणजे बाटल्यांचा क्रेट ज्याच्या ताब्यात असतो तो. आमच्या कोर्टाच्या एका रिंगला जाळी नव्हती आणि दुसऱ्या खांबाला गॅदरिंगच्या मंडपाची दोरी बांधलेली असायची, ती वर्षभर कुणी सोडायचं नाही. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेत आम्ही पहिल्याच फेरीत ६१-१४ ने हरलो. शेवटचं दीड मिनिट मला उतरवलं. चेंडू एकदा माझ्याकडे आला, मी तो घाईघाईने पंचाकडे पास केला. घरी आल्यावर वडिलांनी विचारलं, “याचे मार्क मिळतात का?” मी दुसऱ्या दिवशी ऑफिसात गेलो. क्लार्कने चष्म्यावरून बघितलं आणि म्हणाला, “पहिल्या फेरीत हरलेल्याला कसले मार्क? उलट तुमच्या येण्याजाण्याचा खर्च पडलाय.”

वडिलांचा तो प्रश्न आपल्याकडच्या सगळ्या खेळांच्या मुळाशी आहे. याचे मार्क मिळतात का? मिळत असतील तर पोराला तायक्वांदो, रोप स्किपिंग, काहीही खेळू द्या. नसतील तर क्लास बुडवू नको. कॅल्टेकच्या मुलांकडे मार्क आधीच ढीगभर होते. शिष्यवृत्ती नव्हती, पुढे व्यावसायिक खेळात जायची सुतराम शक्यता नव्हती, आणि सामना हरणार हे त्यांना संभाव्यतेच्या गणितासकट ठाऊक होतं. तरी ती पोरं दिवसभर क्वांटम मेकॅनिक्स घोकून संध्याकाळी जिममध्ये यायची, धावायची, घाम गाळायची आणि रात्री परत जाऊन होमवर्क करायची. आयुष्यात पहिल्यांदाच अशी एक जागा सापडली होती जिथे हुशारी चालत नव्हती. तिथे त्यांना साधं पोर होता येत होतं. मला वाटतं, तेवढ्यासाठीच ती येत होती.

त्यांच्यावर ‘क्वांटम हूप्स’ नावाचा माहितीपटही निघाला, २००७ मध्ये. ‘एक्स-फाइल्स’मधल्या डेव्हिड डुकोव्हनीचं त्याला निवेदन आहे, ज्याने आयुष्यभर परग्रहवासी शोधले, तो इथे एका विजयाच्या शोधात. कॅमेरे लावून, श्वास रोखून २००६ च्या हंगामाचा शेवटचा आठवडा चित्रित केला. निकाल काय लागला ते सांगायला नको. ही मालिका २६ वर्षं चालली हे मी आधीच सांगून बसलोय.

मधे एक दिलासा मिळाला. ६ जानेवारी २००७ रोजी न्यूयॉर्ककडच्या बार्ड कॉलेजला त्यांनी ८१-५२ असं चक्क धुतलं. तिसऱ्या श्रेणीच्या संघांविरुद्धचे सलग २०७ पराभव तिथे थांबले. पण बार्ड लीगबाहेरचं. म्हणजे सासरी-माहेरी सगळीकडे अपमान होत असताना शेजाऱ्यांनी चहाला बोलावल्यासारखं. घरची, लीगमधली मोजणी चालूच राहिली. २००८ मध्ये ऑलिव्हर एस्लिंगर नावाचा प्रशिक्षक आला. शिक्षणाने तो मानसशास्त्राचा माणूस. योग्य निवड, या खेळाडूंच्या पायांना आणि हातांना जे शिकवायचं ते शिकवून झालं होतं.

आणि मग २२ फेब्रुवारी २०११, मंगळवार. हंगामातला शेवटचा सामना, घरच्या जिममध्ये. समोर ऑक्सिडेंटल कॉलेज. याच कॉलेजात बराक ओबामा १९७९ ते १९८१ अशी दोन वर्षं शिकले, आणि आता ते व्हाइट हाउसमध्ये होते. म्हणजे समोर तसं पाहिलं तर राष्ट्राध्यक्षांचं कॉलेज. सामना संपायला काही सेकंद उरले, फलक ४५-४५. कॅल्टेकच्या रायन एल्मक्विस्टला फाउल झाला. दोन फ्री थ्रो. घड्याळात ३.३ सेकंद.

एल्मक्विस्ट शेवटच्या वर्षाला, विषय कॉम्प्युटर सायन्स. फ्री थ्रोची रेघ फळ्यापासून १५ फूट. रिंग दहा फुटांवर, तिचा व्यास अठरा इंच, चेंडूचा साडेनऊच्या आसपास. समोर कुणी अडवणारं नाही, धावायचं नाही, गैरफायदाही घ्यायचा नाही. नुसता कोन, वेग आणि फिरकी. संपूर्ण बास्केटबॉलमध्ये अकरावीच्या फिजिक्सच्या पुस्तकातून जशीच्या तशी उचलता येईल अशी ही एकच गोष्ट. २६ वर्षांनी अखेर प्रश्न सिलॅबसमधला आला होता.

पहिला चेंडू आत गेला. ४६-४५. दुसरा चुकला. सिलॅबसमधला प्रश्न असला तरी पैकीच्या पैकी कुणाला मिळतात! ऑक्सिडेंटलने शेवटचा नेम धरला, तोही चुकला, आणि भोंगा वाजला. प्रेक्षक बाकड्यांवरून उड्या टाकत कोर्टवर धावले आणि खेळाडूंना घेराव घालून नाचले. नेस्मिथच्या त्या पहिल्या सामन्यासारखाच इथेही फरक एका गुणाचा.

त्या हंगामाची गुणपत्रिका अशी : एकूण सामने २५, विजय ५, पराभव २०. लीगमध्ये १४ पैकी १. टक्के काढले तर सात. शाळेत कधी नव्वदच्या खाली न उतरलेल्या मुलांना आयुष्यात मिळालेले हे सगळ्यात कमी मार्क, आणि त्यांनी पेढे वाटावेत तसे ते साजरे केले.